एका दिवसात क्योतो

मुरोमाची, क्योतो
२१ एप्रिल १९८६

किनू,

साकुराची फुलं गळून गेली आणि ती बघायला आलेली माणसंही गेली, हे फार बरं झालं. फुलं आठवडाभरात आवरतात. माणसांनी टाकलेले डबे आणि कागद मात्र झाडूवाल्याला महिनाभर पुरतात.

तुला सांगायचं राहिलं होतं. फेब्रुवारीपासून मी लोकांना शहर दाखवायला जाते. नोकरी म्हणू नकोस. भाड्याच्या मोटारी चालवणाऱ्या कंपनीचे मालक स्वतः दारात आले, जमिनीला कपाळ टेकवून म्हणाले, "शिगेबाई, तुमच्यासारख्या घरातली बाई गाडीत बसली की आमच्या गाडीला शोभा येते." आता इतकं खरं कोणी बोललं तर नाही कसं म्हणायचं? एक गाडी, एक ड्रायव्हर, एक पाहुणा किंवा एक कुटुंब, सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच. अकराशे वर्षांची राजधानी आठ तासांत, मध्ये जेवणाची सुट्टी धरून.

काय एकेक नग येतात! तोक्योचा एक बँकवाला गाडीत बसल्या बसल्या विचारतो, "चारच्या आत किती देवळं उरकतील?" म्हटलं, डोळे मिटून घेतलेत तर सगळी. नागोयाचा एक दातांचा डॉक्टर दगडी बागेपुढे बसून घोरला आणि उठल्यावर म्हणाला, "मनाला फार शांती मिळाली." एक अमेरिकन जोडपं सम्राट कुठल्या खोलीत राहतात म्हणून विचारत होतं. ते १८६९ साली जरा पूर्वेला, तोक्योला गेलेत, येतीलच एवढ्यात, असं सांगितलं. दोघांनी घड्याळं बघितली.

बाकी घर आहे तसं आहे. म्हणजे निम्मं आहे. बाबांची किमोनोवरच्या कमरपट्ट्यांची पेढी होती तो पुढचा भाग पाडून तिथे पाच मजली इमारत झाली. आता बाबांच्या गादीच्या जागी कुणाच्या तरी चड्ड्या वाळत असतात. मागच्या चार खोल्या मला पुरतात. माझे यजमान जाऊन नऊ वर्षं झाली. त्यांना पाचवी खोली लागत होती अशातला भाग नाही.

नऊ जुलैला बाबांचं, गेले ते वर्ष धरून, पंचविसावं श्राद्ध आहे. तुला कळवते एवढंच. बोलावते आहे असा अर्थ काढू नकोस. आणि त्या माणसाबद्दल पत्रात काही लिहायचं नाही हे तुला पुन्हा सांगायला नकोच.

शिगे


तेन्मा, ओसाका
२ मे १९८६

ताई,

गाइड झालीस म्हण की! एवढा वळसा कशाला? मालकांनी कपाळ टेकवलं असेलच, पण टेकवताना त्यांनी घराची कौलंही मोजली असतील. तुमच्या गावात नमस्कार फुकट कोणी करत नाही.

बाबांच्या गादीवर चड्ड्या वाळतात हे वाचून मी दुकानात एकटीच हसले. गिऱ्हाईक घाबरून दोन पावलं मागे सरकलं.

'तो माणूस' म्हणजे माझा नवरा. त्याला नाव आहे, एइकिची. अडतीस वर्षांपूर्वी तो आपल्या स्वयंपाकघरात वाळवलेल्या समुद्री शेवाळाच्या, कोंबूच्या जुड्या पोचवायला यायचा आणि मी त्याच्याबरोबर निघून गेले. तू त्याला एकदाच पाहिलंस, तेही मोलकरणीच्या खांद्यावरून. मी त्याच्याबद्दल लिहीत नाही, कारण तू वाचणार नाहीस. पण नाव तरी आज लिहिते. कागद फाटला नाही ना, बघ.

इकडे सगळं ठीक. दुकान हल्ली मीच बघते, सवय झाली. कोंबूच्या वासाने केस भरतात ते भरतातच.

श्राद्धाला मी येत नाही, तेव्हा तू निर्धास्त राहा.

किनू


मुरोमाची, क्योतो
१८ मे १९८६

किनू,

तुझ्या गावच्या एका नमुन्याची गोष्ट सांगते. बुधवारी, आओईच्या उत्सवाच्या आदल्या दिवशी, मला एक गिऱ्हाईक आलं. नाव कादोता. रेल्वेच्या पार्सल ऑफिसातून निवृत्त झालो म्हणाला. सत्तरीच्या पुढचा असावा, डोक्यावर एक केस नाही, आणि अंगातला कोट असा की थोरल्या भावाचा मागून आणलाय. स्टेशनासमोर गाडी उभी, तर हा आधी ड्रायव्हर निवाला वाकून नमस्कार करतो, मग मला! आणि मागे बसायचं सोडून निवाच्या शेजारी जाऊन बसला. म्हणाला, "बाईमाणसाशेजारी ऐसपैस कसं बसायचं?" ऐसपैस म्हणे! अर्ध्या जागेत मावला असता.

मी सुवर्णमंदिराचं नाव काढलं. तर, "सोन्याचं आहे ना? मग ते कुठे जात नाही. राहू दे."

राजवाडा? "राजा नाही ना तिथे? मग राहू दे."

"मग तुम्हाला बघायचंय तरी काय?"

मान खाजवत म्हणतो, "इथे मुलींची एक प्राथमिक शाळा आहे म्हणे, कापराच्या झाडाची."

आपली शाळा गं! अख्खी राजधानी सोडून या बाबाला मुलींची शाळा बघायची. मी निवाला म्हटलं, फाटकापासून लांब उभी कर गाडी. हा उतरला, झाडाखाली गेला, भिंतीवर हात ठेवून उभा राहिला. वीस मिनिटं! आतून शिपाई बाहेर आला तेव्हा मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी सांगितलं, पाहुणे झाडांचे अभ्यासक आहेत.

मग शाळेपलीकडचं सार्वजनिक न्हाणीघर. मग तोफू कुठे चांगला मिळतो. दवाखाना किती पावलांवर. हिवाळ्यात जमीन किती गार पडते. बाहेरून राहायला आलेल्या बाईशी शेजारी बोलतात का? मी म्हटलं, "बोलतात ना. दोनशे वर्षांपूर्वी आले त्यांच्याशी आत्ताच बोलायला लागलेत." त्याने ते खिशातल्या वहीत लिहून घेतलं. खरंच लिहिलं!

मला वाटलं, उगाच दिवस फुकट गेला असं नको, म्हणून कियोमिझूच्या चढावर नेलं. बारा पायऱ्यांवर हे बसले. "तुम्ही जाऊन या, मी इथूनच बघतो." मी एकटी वर गेले, देऊळ बघितलं आणि खाली येऊन त्याला सांगितलं. गाइडनेच पाहुण्याच्या वाटचं देऊळ बघायचं, ही नवी पद्धत तुझ्या गावची. जेवायला कढत तोफूच्या ठिकाणी नेलं, तिथे दोन तुकडे चिवडत बसला. ओसाकाची माणसं खाण्यापायी घरदार उधळतात म्हणतात. हा त्यातला सुधारलेला दिसला.

आता खरी गंमत ऐक. जेवताना मी आपलं नेहमीचं बोलले, "शरदात या पुन्हा, पानं लाल होतात तेव्हा." तर म्हणाला, "शरदात मी नसेन. उन्हाळा संपला की मी जाणार."

"कुठे?"

"लांब. माझ्यामागे एक बाई एकटी राहील. ती इथे राहायला आली तर तिला जमेल का, एवढंच बघायला आलोय."

एक बाई! लक्षात आलं ना? स्वतः निघाला असेल ब्राझीलला मुलाकडे वगैरे आणि इथे एका ठेवलेल्या बाईला बिऱ्हाड करून देऊन जायचंय. त्या बाईसाठी शाळेजवळची जागा, तोफू, न्हाणीघर! या वयात, या कोटात! आणि घरी याची लग्नाची बायको भात शिजवून वाट बघत बसली असेल. मला तिची इतकी कीव आली की सांगता सोय नाही.

पाचला दिवस संपला तर म्हणतो, मुरोमाचीपर्यंत चालत येतो तुमच्याबरोबर. दारापर्यंत आला. जाईना. शेवटी मी आपल्या रीतीप्रमाणे म्हटलं, "चहा-भात घेऊन जाता का थोडा?" पाच वर्षांच्या पोरालाही या गावात कळतं की याचा अर्थ 'आता निघा'. हा म्हणतो, "घेतो की." आणि जोडे काढले!

करते काय? सकाळच्या भातावर चहा ओतून दिला. तेवढ्यात हा उठून चारही खोल्यांत डोकावून आला. म्हणाला, "एकाच खोलीत दिवा दिसतो." मी म्हटलं, माणूसही एकच आहे. मग विचारल्याशिवाय देवघरापुढे बसला, घंटा वाजवली आणि बाबांच्या तसबिरीला म्हणतो, "यायला उशीर झाला." माझ्या घरात, माझ्या बाबांना! मग तिथेच बसून, घरात कोण कोण होतं, आता कोण आहे, असल्या चौकश्या. काहीतरी सांगून वाटेला लावलं.

तुझं शहर तू निवडलंस, म्हणून तुला कळवलं. असल्यांच्यात तू राहतेस.

शिगे


तेन्मा, ओसाका
२१ मे १९८६

ताई,

तुझं पत्र मिळालं. काही विचारायचंय. इतर काही लिहू नकोस, एवढंच लिही.

दोन तुकडे खाल्ले ते पोटात राहिले का? पायऱ्यांवर बसला तेव्हा हात कुठे धरला होता? 'उन्हाळा संपला की' असंच म्हणाला का, हेच शब्द? कशा चेहऱ्याने म्हणाला? परत जाताना गाडीने गेला की चालत?

लगेच लिही.

किनू


मुरोमाची, क्योतो
२४ मे १९८६

किनू,

तुला झालंय तरी काय? परक्या माणसाची एवढी चौकशी मी माझ्या यजमानांचीही कधी केली नाही. तुझ्या ओळखीचा निघाला की काय तो? गिऱ्हाईक असेल. तसं असेल तर त्याच्या बायकोला जाऊन सांग, म्हणजे निदान सावध होईल.

विचारलंस म्हणून लिहिते. तोफू पोटात राहिला नाही. जेवणानंतर बांबूच्या कुंपणामागे गेला आणि बराच वेळ आला नाही. निवा पाणी घेऊन गेला. निवाला असल्या माणसांचा पुळका फार. आल्यावर म्हणतो, "तुमच्या गावचं अन्न फार नाजूक, माझ्या पोटाला ओळख पटली नाही." कुंपणामागे त्याने कोट काढला होता आणि तो तसाच हातावर टाकून आला. आत काय असावं? मे महिन्यात पोटाला लोकरीचा विणलेला पट्टा! रंग गाजराचा. विणणारीला रंगाची अक्कल नाही ती नाहीच, टाकेही इतके सैल की बोट आत जाईल. त्या बाईनेच विणला असणार. असल्या बायकांना सुईकाम कुठून येणार!

पायऱ्यांवर बसला तेव्हा हात पोटावर होता. 'उन्हाळा संपला की मी जाणार', हेच शब्द. कशा चेहऱ्याने म्हणशील तर, उद्या दुकान बंद आहे असं सांगतात तसा. गेला तो निवाच्या गाडीने. मी बोलावलं नव्हतं, निवाच कोपऱ्यावर थांबून राहिला होता.

झालं समाधान? आता तू सांग, हा कोण?

शिगे


तेन्मा, ओसाका
२ जून १९८६

ताई,

तो पट्टा मी विणलाय. टाके सैल आहेत, कारण घट्ट त्याला सहन होत नाहीत.

तो एइकिची होता. सत्तरीच्या पुढचा नाही, चौसष्टचा आहे. कोट त्याचाच आहे. गेल्या वर्षी त्याला अंगासरशी बसायचा.

जानेवारीत डॉक्टरांनी मला एकटीला आत बोलावलं. पोटात गाठ आहे, कापून उपयोग नाही, उन्हाळा काढेल म्हणाले. रोग्याला सांगायची पद्धत नाही, तशी मीही सांगितली नाही. अल्सर आहे म्हटलं. चार महिने मी त्याला पेज भरवत होते आणि पेजेबरोबर खोटं भरवत होते. वाटायचं, त्याला काही कळलेलं नाही. तो खाताना विनोद करायचा आणि मी मोरीत जाऊन रडायचे.

त्या बुधवारी तो मला म्हणाला, साकाईला जाऊन दुकानातल्या दोन सुऱ्यांना धार लावून आणतो. संध्याकाळी सुऱ्या तशाच बोथट परत आल्या. मी विचारलं नाही. आम्ही दोघंही काही विचारायचं सोडलं होतं.

तुझ्या पत्रातून मला कळलं की त्याला सगळं ठाऊक आहे. मला नाही, तुला सांगितलं त्याने. परक्या बाईला सांगावं तसं.

मी दोन्ही पत्रं त्याच्यापुढे ठेवली. त्याने सावकाश वाचली. ठेवलेल्या बाईपाशी आल्यावर इतका हसला की पोट धरून आडवा झाला. म्हणाला, "किनू, अगं, या वयात माझी एवढी पत वाढली!" मग चष्मा पुसत म्हणाला, "चला, आता दोघांनी नाटक बंद करू या. मला पेज आवडत नाही. जानेवारीपासून आवडत नाही." आम्ही दुकान लावून घेतलं. त्या दुपारी चार महिन्यांत पहिल्यांदा खरं बोललो. त्याबद्दल तुझे उपकार आहेत. तू ते करायला म्हणून केले नाहीस, पण आहेत.

चहा-भाताचा अर्थ त्याला कळत नाही असं वाटलं तुला? अडतीस वर्षं तो क्योतोच्या बाईशी संसार करतोय, ताई. मी रागावले की त्याला तेच विचारते. त्याला घर आतून बघायचं होतं, म्हणून त्याने जोडे काढले. माझी शाळा बघायची होती. त्याच्यामागे मी तुझ्यापाशी येऊन राहिले तर मला जमेल का, ते बघायचं होतं. आपण होऊन, नाव बदलून, कारण खऱ्या नावाला तू दार उघडलं नसतंस.

आता तू पत्रात जे गाळलंस ते. देवघरापुढे बसून त्याने विचारलं, तुम्हाला भावंडं? तू म्हणालीस, "एक धाकटी बहीण होती. १९४८ साली वारली."

मी त्याला विचारलं, असं म्हणताना ती काय करत होती? म्हणाला, "चहा ओतत होती. एक थेंब सांडला नाही."

बाबांनी मला मेलेली ठरवलं ते मला ठाऊक होतं. बाबा गेले आणि तुझं पहिलं पत्र आलं, तेव्हा मला वाटलं, चला, आता मी जिवंत झाले. चोवीस वर्षं तू मेलेल्या बाईला पत्रं पाठवत होतीस. तरीच पाकिटावर तू कधी स्वतःचं नाव घातलं नाहीस.

क्योतोपासून ओसाका अर्ध्या तासावर आहे. तू कधी आली नाहीस आणि मला कधी बोलावलं नाहीस. मी त्याचीही समजूत घालून घेतली होती. पण मेलेली म्हणून यायला मला वेळ नाही. मला माणूस सांभाळायचाय.

आता पत्र लिहू नकोस.

किनू


मुरोमाची, क्योतो
११ जुलै १९८६

किनू,

लिहू नकोस म्हणालीस. महिनाभर लिहिलं नाही. आज लिहिते. फाडून टाकायचं तर आधी वाच, मग फाड.

परवा बाबांचं श्राद्ध झालं. फुशिमीच्या काकू, त्यांची साकाए आणि तिचा नवरा, पेढीवरचे दोन जुने मुनीम, गल्लीतली तीन घरं, अशी एकोणीस माणसं. भटजींचं वाचन झालं, जेवणं मांडली. काकू नेहमीप्रमाणे बाबांचं कौतुक करायला लागल्या. "काय मानी माणूस! धाकटी अशी अकाली गेली, पण कधी डोळ्यांतून टिपूस काढलं नाही."

मी म्हटलं, "किनू गेलेली नाही. ओसाकाला आहे, तेन्मात. कोंबूचं दुकान आहे. नवऱ्याचं नाव एइकिची. तो आजारी आहे, आणि मे महिन्यात इथे, या जागी बसून जेवून गेला. बाबा खोटं बोलले. त्यांच्यानंतर चोवीस वर्षं मी बोलले."

भटजींच्या जेवायच्या काड्या लोणच्यावर थांबल्या. मग काकू पंख्याने वारा घेत म्हणाल्या, "यंदा उकाडा लवकरच सुरू झाला, नाही?"

साकाएचा नवरा म्हणाला, "हो ना. उकाड्यात वयस्क माणसांना कसलेकसले भास होतात."

मी म्हटलं, "भास नाही. पत्ता लिहून देते. कुणाला कोंबू हवा असेल तर जा."

एकोणिसांतल्या सोळा जणांनी गोड खाल्लं नाही. दोघांतले म्हातारे मुनीम तेवढे जाताना माझ्या कानाशी आले आणि म्हणाले, "धाकट्या बाईसाहेबांना माझा नमस्कार सांगा. त्या दिवशी मागच्या दाराची कडी मीच काढून ठेवली होती." अडतीस वर्षं त्या माणसाने माझ्याकडून दर नववर्षाला नमस्कार घेतला! म्हातारा लबाड. मला इतका राग आला की मी त्याच्या हातात उरलेली मिठाई कोंबली.

तेव्हापासून गल्लीतले लोक मला पूर्वीपेक्षा खाली वाकून नमस्कार करतात आणि न बोलता पुढे जातात. याचा अर्थ काय ते तुला सांगायला नको. मी स्वतः हा नमस्कार आयुष्यभर इतक्या जणांना केलाय की त्याची धार मला ठाऊक आहे. अंगावर आल्यावर चांगलाच लागतो.

मी त्याला का ओळखलं नाही हे तू विचारलं नाहीस. ओळखायला आधी बघावं लागतं. मी त्याचा कोट बघितला, टक्कल बघितलं, पट्टा बघितला. उलटी करून आला तेव्हा त्याने मलाच विचारलं होतं, "तुम्ही दमला नाहीत ना?" हे मी तुला लिहिलं नव्हतं. यातलं हसण्यासारखं मला काही सापडलं नव्हतं.

त्याला एवढं सांग, की मी चहा ओतला तो शिळ्या भातावर. घरात ताजा होता.

शिगे


तेन्मा, ओसाका
२० सप्टेंबर १९८६

ताई,

सहा तारखेला सकाळी एइकिची गेला. घरीच गेला. शेवटचे तीन आठवडे त्याने पेज घेतली नाही. तळलेले ऑक्टोपसचे गोळे मागितले, एक चाटला आणि समाधानाने ठेवून दिला.

तुला कळवलं नाही. तू काळा किमोनो घालून मागच्या रांगेत बसावंस आणि इथल्या बायकांची केशरचना बघावीस, हे मला त्या दिवशी झेपलं नसतं.

तुझं पत्र मी त्याला तीनदा वाचून दाखवलं. काकूंचा उकाडा त्याला फार आवडला. नंतर कोणी भेटायला येऊन नको ते विचारलं की तो मला डोळा मारून म्हणायचा, "यंदा उकाडा फार, नाही?" मुनिमांचं ऐकून मात्र म्हणाला, "त्या कडीचा मला इतकी वर्षं अभिमान होता. मला वाटायचं, मीच उचकटली."

ताज्या भाताचं सांगितलं. "मला ठाऊक होतं. वास येत होता," म्हणाला.

आता मुद्द्याचं. जूनमध्ये मी त्याला म्हटलं होतं, बघून आलास ना तुझी राजधानी? मी तिकडे जाणार नाही. तो म्हणाला, "मीही तेच ठरवून आलो. तू जायचं नाहीस. चार खोल्या, त्यातल्या तीन अंधाऱ्या. शेजारी दोनशे वर्षांनी बोलणार. ती तुला काय सांभाळणार? तिलाच कोणी नाही. तिला इकडे आण."

मी चिडले. म्हटलं, मला मेली म्हणाली ती! तो म्हणाला, "म्हणाली ना. आणि मग माझ्या पानात लोणचं वाढताना वाटी दोनदा पुढे केलीन. तू करतेस तशीच. जेवतोय की नाही ते न बघता बघत होती." मला ते पटलं नाही. अजूनही पूर्ण पटलेलं नाही. पण त्याने मरेपर्यंत तीनदा सांगितलं, आणि त्याचं मी आजवर क्वचितच ऐकलंय.

चोवीस ऑक्टोबरला त्याच्या एकोणपन्नासाव्या दिवसाचे विधी आहेत. दुकानाच्या वरची खोली रिकामी केली आहे. खाली बाजार आहे, आवाज फार, कोंबूचा वास तर गादीलाही येतो. तुला आवडणार नाही.

किनू


मुरोमाची, क्योतो
२७ सप्टेंबर १९८६

किनू,

तीन दिवस मी तुझं पत्र देवघरात ठेवून दिलं होतं. बाबांच्या तसबिरीपुढे नाही. तसबीर मी बाजूला सरकवली, मग ठेवलं.

ओसाकात येऊन राहायचं? मी? जिथे लोक रस्त्यात उभ्याने गोळे चाटतात? जिथे तांदळाला चव नाही, पाण्याला वास आहे आणि बायका रिक्षावाल्यांसारख्या हसतात? तुझ्या नवऱ्याचं डोकं आजाराने फिरलं होतं. असं कोणी दुसऱ्याने सुचवलं असतं तर त्याला मी चहा-भात विचारला असता.

तेवीस ऑक्टोबरला येते. किती दिवस ते आल्यावर बघू. कंपनीच्या मालकांना कळवलं की पुढल्या महिन्यापासून जमणार नाही. आता लाल पानांचे दिवस आले आणि मी नाही, म्हणून ते बरेच हळहळले. मोठे बोलघेवडे आहेत. निवा मला स्टेशनवर सोडायला येणार आहे. मी सांगितलं नव्हतं. तो म्हणतो, त्या दिवशीच्या पाहुण्यांना मी परत जाताना शब्द दिलाय. कसला शब्द, ते सांगत नाही. ड्रायव्हरसुद्धा आता माझ्याशी गुपितं ठेवायला लागले.

एइकिचींसाठी काय आणू ते लिही. चौसष्ट वर्षांच्या माणसाला काय आवडायचं हे मला ठाऊक नाही, आणि अंदाजाने आणलेलं त्यांच्यापुढे ठेवणार नाही. एकदा ठेवलंय.

गाडी अकरा वाजून सात मिनिटांनी पोचते. फलाटावर ये. अडतीस वर्षांत माझं तोंड काय झालंय ते मी तुला सांगत बसत नाही. तुझं काय झालं असेल याचा अंदाज आहे. आपण एकमेकींना ओळखू असं मला वाटत नाही. म्हणून गर्दीत शोधत फिरू नकोस. एका जागी उभी राहा आणि ताई म्हणून हाक मार. जोरात मार. तुमच्या गावात नाहीतरी सगळे ओरडूनच बोलतात.

शिगे